व्यावसायिक बेसबॉल संघाचा ट्रायआउट: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी मूळचा जळगावकडचा. शाळेत आणि कॉलेजात सॉफ्टबॉल खेळलो, आता बरीच वर्षं न्यू जर्सीत आहे आणि शनिवार-रविवार मुलांना बेसबॉल शिकवतो. भाच्याला घेऊन ट्रायआउटच्या मैदानांवर हिंडलो, तेव्हापासून फोन सुरू झाले. कधी एडिसनमधले आईबाबा, कधी पुण्या-नाशकातली पोरं. तेच ते प्रश्न पुन्हा पुन्हा येतात, म्हणून उत्तरं एकत्र लिहून काढली आहेत. सगळं वाचायची गरज नाही, आपला प्रश्न शोधा. जिथे दुसऱ्या उत्तराशी संबंध आहे तिथे क्रमांक दिला आहे.

१. ट्रायआउट म्हणजे आपल्याकडची निवड चाचणीच ना?

दिसायला तशीच. सकाळी नाव नोंदवायचं, पाठीवर नंबर लावायचा, धावायचं, फेकायचं, मारायचं. पण आपल्याकडे जिल्ह्याच्या निवड चाचणीतून संध्याकाळपर्यंत संघ जाहीर होतो, कोणाची तरी निवड होतेच. व्यावसायिक ट्रायआउटला शंभर मुलं येतात आणि एकालाही करार मिळत नाही, असं सर्रास घडतं. क्लबला त्या दिवशी जागा भरायचीच असते असं नाही. तिथे उभ्या असलेल्या स्काउटला (क्लबसाठी खेळाडू हेरणाऱ्या माणसाला) एवढंच पाहायचं असतं की या मुलाकडे असं काही आहे का, जे शिकवून येत नाही. हे मनात पक्कं करून गेलात तर दिवसभराच्या धडपडीचा अर्थ लागतो.

२. थेट एमएलबीच्या संघाचा ट्रायआउट देता येतो का?

एमएलबी म्हणजे मेजर लीग बेसबॉल, अमेरिकेतली सर्वोच्च लीग. तिथल्या मोठ्या संघात थेट कोणी जात नाही. एमएलबीचे ३० क्लब आहेत आणि प्रत्येकाच्या हाताखाली मायनर लीगचे चार संघ: सिंगल-ए, हाय-ए, डबल-ए, ट्रिपल-ए. म्हणजे १२० संघ. त्याखाली नवख्यांसाठी क्लबच्या सरावकेंद्रांवर चालणाऱ्या लीग. नवीन मुलगा बहुधा तिथून सुरुवात करतो.

पूर्वी क्लब गावोगावी खुले ट्रायआउट घेत. कोणीही बूट बांधून जावं, असा तो काळ होता. आता खेळाडूंचे व्हिडिओ आणि आकडे आधीच स्काउटांकडे पोहोचलेले असतात, त्यामुळे ती प्रथा जवळजवळ संपली. आज आत शिरायचे रस्ते तीन: ड्राफ्ट (प्रश्न ३), परदेशी खेळाडू म्हणून करार (प्रश्न ५) आणि स्वतंत्र लीग (प्रश्न १२). तुमच्या डोक्यात जो ‘खुला ट्रायआउट’ आहे, तो आज मुख्यतः तिसऱ्या रस्त्यावर भेटतो.

३. ड्राफ्ट म्हणजे काय? त्यासाठी अर्ज करावा लागतो का?

१९६५ पासून चालू असलेली ही पद्धत आहे. क्लब आळीपाळीने हौशी खेळाडूंची नावं घेतात आणि ज्याने नाव घेतलं त्यालाच त्या मुलाशी करार करायचा हक्क. हल्ली ड्राफ्ट जुलैमध्ये होतो आणि २० फेऱ्यांचा असतो. अमेरिका, कॅनडा आणि प्वेर्तो रिकोसारख्या अमेरिकी प्रदेशांतल्या मुलांना तो लागू आहे. हायस्कूल संपवलेला पण कॉलेजात न गेलेला मुलगा पात्र ठरतो. चार वर्षांच्या कॉलेजात एकदा प्रवेश घेतला की तिसरं वर्ष पूर्ण होईपर्यंत किंवा २१ वर्षांचा होईपर्यंत थांबावं लागतं. दोन वर्षांच्या ज्युनियर कॉलेजातला मुलगा मात्र दर वर्षी पात्र असतो.

आयपीएलच्या लिलावासारखं यात काही नाही. बोली लागत नाही. नाव कोणीच घेतलं नाही तरी क्लब नंतर मोकळा खेळाडू म्हणून करार करू शकतो. पुढे नावाजलेला कॅचर झालेल्या माइक पियाझाचं नाव १९८८ मध्ये ६२ व्या फेरीत, १३९० व्या क्रमांकावर घेतलं गेलं होतं. तोच पियाझा २०१६ मध्ये हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे बेसबॉलच्या दिग्गजांच्या मानाच्या यादीत, गेला. हे उदाहरण मी प्रत्येक पालकाला सांगतो, पण सोबत हेही सांगतो की तेवढ्या फेऱ्या आता उरलेल्या नाहीत. चाळणी बारीक झाली आहे.

४. माझा मुलगा भारतीय पासपोर्टवर अमेरिकेत कॉलेजात शिकतो. तो ड्राफ्टमध्ये येईल की परदेशी धरला जाईल?

ड्राफ्टमध्ये. इथे पासपोर्टला महत्त्व नाही. अमेरिकेतल्या हायस्कूलमध्ये किंवा कॉलेजात नाव घातलं की तो इथला रहिवासी समजला जातो. त्यामुळे ‘आधी एक वर्ष कॉलेज करू, जमलं नाही तर भारतीय म्हणून थेट करार करू’ ही वाट उरत नाही. प्रवेश घेण्यापूर्वीच याचा विचार करा.

दुसरी गोष्ट, व्यावसायिक करारावर सही केली की कॉलेजच्या बेसबॉलचं दार साधारणपणे बंद होतं. कॉलेजात यासाठी कम्प्लायन्स ऑफिस (खेळाडूंच्या पात्रतेचे नियम बघणारं कार्यालय) असतं. सहीच्या आधी तिथे जाऊन विचारा आणि उत्तर लेखी घ्या.

५. मी नाशिकला राहतो, वय १८. भारतात बसून करार मिळू शकतो का?

नियमांची अडचण नाही. ड्राफ्टच्या हद्दीबाहेरचा मुलगा १६ व्या वर्षापासून परदेशी हौशी खेळाडू म्हणून करार करू शकतो. ही खिडकी दर वर्षी १५ जानेवारीला उघडते आणि १५ डिसेंबरला बंद होते. प्रत्येक क्लबला त्यासाठी ठरलेली रक्कम असते, तिच्यातच सगळ्यांना बसवावं लागतं. (खेळाडू संघटना आणि एमएलबी यांच्यातला सध्याचा करार १ डिसेंबर २०२६ ला संपतो, त्यानंतर हे नियम बदलू शकतात.)

खरी अडचण स्पर्धेची आहे. ती रक्कम मुख्यतः डोमिनिकन प्रजासत्ताक आणि व्हेनेझुएलातल्या मुलांकडे जाते. डोमिनिकनमध्ये क्लबांच्या स्वतःच्या अकादम्या आहेत आणि तिथली पोरं बारा-तेराव्या वर्षापासून रोज स्काउटांच्या नजरेखाली खेळतात. नाशिकच्या मैदानावर स्काउट येत नाही. म्हणून तुमचा पहिला ट्रायआउट व्हिडिओवर होतो, हे समजून चाला. पिचर (चेंडू टाकणारा) असाल तर कॅचरच्या (बॅटरमागे बसून चेंडू झेलणाऱ्याच्या) मागून आणि बाजूने असे दोन कोन घ्या. रडार गनचा आकडा चौकटीत दिसू द्या. मागे गाणं लावू नका. चेंडू मिटमध्ये, म्हणजे कॅचरच्या ग्लोव्हमध्ये, बसल्याचा आवाज स्काउटला ऐकायचा असतो.

६. ट्रायआउटच्या दिवशी नेमकं काय काय होतं?

भाच्याच्या पहिल्या ट्रायआउटचं सांगतो, म्हणजे डोळ्यांसमोर उभं राहील. सकाळी साडेसात, एप्रिल महिना, गवतावर दव. पाठीवर पिनांनी लावलेला कागदी नंबर, ४१. आधी साठ यार्डांची धाव, म्हणजे जवळपास ५५ मीटर. दोघेदोघे सोडतात. शेवटच्या रेषेवर तीन माणसं स्टॉपवॉच घेऊन उभी. कोणी काही बोलत नाही, फक्त पॅडवर लिहितात. त्या धावेनंतरच मला दोन स्काउट काही मुलांकडे बघायचं थांबल्यासारखे दिसले. कठोर वाटलं, पण वेळ थोडा आणि मुलं फार.

मग फेक. आउटफिल्डर उजव्या कोपऱ्यातून तिसऱ्या बेसवर आणि होम प्लेटवर, म्हणजे बॅटर उभा राहतो तिथे, फेकतात. इनफिल्डर शॉर्टस्टॉपच्या, म्हणजे दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसमधल्या, जागेवरून जमिनीलगतचे चेंडू उचलून पहिल्या बेसवर. कॅचर होम प्लेटमागे बसून दुसऱ्या बेसवर फेकतो, ते अंतर साधारण ३९ मीटर. त्यानंतर बॅटिंग, आठ-दहा चेंडू, तेही लाकडी बॅटने. शाळा-कॉलेजात ॲल्युमिनियमच्या बॅटची सवय झालेली पोरं इथे फसतात, कारण लाकडी बॅटवर चेंडू बरोबर जागी लागला नाही तर हाताला झिणझिण्या येतात आणि चेंडू पिचरपर्यंतही जात नाही. किमान तीन महिने आधीपासून लाकडी बॅटने सराव करा.

पिचरांचं काम बाजूला, बुलपेनमध्ये. वीस-पंचवीस चेंडू, मागे रडार गन. त्या दिवशी एक उंच, किडकिडीत मुलगा होता. त्याचे पहिले चार चेंडू जाळीवर आदळले. पाचवा चेंडू मिटमध्ये बसला आणि असा आवाज आला की पलीकडे बॅटिंग बघणारे दोघं स्काउट चालत इकडे आले. कोणी त्याला मागचे चार चेंडू विचारले नाहीत.

दुपारी यादी वाचतात. ज्यांचे नंबर वाचले ते थांबतात आणि आपसात सामना खेळतात, बाकीचे घरी. ४१ वाचला गेला नाही. (पुढचं प्रश्न २० मध्ये.)

७. किती वेग, किती सेकंद हवेत? आकडे सांगा.

स्काउट प्रत्येक गुणाला २० ते ८० मधला आकडा देतात. ५० म्हणजे एमएलबीतला सरासरी खेळाडू. पिचर सोडून इतरांचे पाच गुण मोजतात: बॅटिंगमधली अचूकता, ताकद, धाव, फेक आणि क्षेत्ररक्षण.

साठ यार्ड ७ सेकंदांच्या आत यायला हवेत. आउटफिल्डर किंवा शॉर्टस्टॉपला ६.७ च्या आसपास आले तर लक्ष जातं. कॅचरचा ‘पॉप टाइम’ मोजतात, म्हणजे चेंडू त्याच्या मिटमध्ये आल्यापासून दुसऱ्या बेसवरच्या ग्लोव्हमध्ये पोहोचेपर्यंतचा वेळ. २ सेकंद किंवा त्याहून कमी असेल तर बोलणं पुढे जातं. पिचरचं म्हणाल तर एमएलबीत सरळ वेगवान चेंडूची सरासरी आज ताशी ९४ मैलांच्या, म्हणजे दीडशे किलोमीटरच्या घरात आहे. उजव्या हाताच्या पिचरला ९० मैलांखाली कोणी सहसा विचारत नाही. डावखुऱ्याला थोडी सूट मिळते.

माझं स्पष्ट मत आहे की पाचही गुणांत ४५ असलेल्या मुलापेक्षा एका गुणात ६० आणि बाकीच्यांत ३५ असलेला मुलगा ट्रायआउटमध्ये पुढे जातो. स्वतःचा तो एक गुण कोणता, हे ओळखून जा.

८. मी क्रिकेटमध्ये वेगवान गोलंदाज आहे. पिचर होता येईल का?

सगळ्यात जास्त येणारा प्रश्न हाच. बेसबॉलचा चेंडू वजनाने हलका आहे, १४२ ते १४९ ग्रॅम. क्रिकेटचा १५६ ते १६३. त्यावरून वाटतं की काम सोपं असेल. पण गोलंदाज पळत येऊन, कोपर सरळ ठेवून चेंडू टाकतो. पिचरला धाव नाही. दहा इंच उंच मातीच्या उंचवट्यावर, रबराच्या पट्टीला पाय टेकवून एकाच पावलात सगळं करायचं असतं. पळण्यातून मिळणारी गती इथे मांड्या, कंबर आणि खांदा यांच्या पिळातून काढायची. टप्पाही नाही. साडेसाठ फुटांवर ४३ सेंटिमीटर रुंदीची होम प्लेट, बॅटरच्या गुडघ्यापासून छातीपर्यंतची हवेतली चौकट, आणि चेंडू तिथून जायला हवा. यॉर्कर आणि बाउन्सर टाकण्यात मुरलेल्या हाताला ही चौकट सापडायला फार वेळ लागतो.

म्हणून मी गोलंदाजांना म्हणतो, तुमची गोलंदाजी बाजूला ठेवा आणि सीमारेषेवरून यष्टिरक्षकाकडे होणारी तुमची फेक दाखवा. ती क्रिया पिचिंगच्या जास्त जवळची आहे. डीपला उभा राहून सरळ रेषेत, एकही टप्पा न पडता चेंडू आणणारा मुलगा मला जास्त आशादायक वाटतो, मग तो संघात फलंदाज म्हणून का खेळत असेना.

फलंदाजांसाठी तर वाट अजून अवघड. वेस्ट इंडीजकडून कसोटी खेळलेला सलामीवीर किरन पॉवेल क्रिकेट बाजूला ठेवून अमेरिकेत बेसबॉल शिकला, न्यूयॉर्क मेट्सपुढे ट्रायआउटही दिला. करार झाला नाही, आणि तो पुन्हा क्रिकेटकडे वळला. कसोटी दर्जाच्या फलंदाजाची ही गोष्ट आहे, एवढं लक्षात ठेवा.

९. मी शाळेपासून सॉफ्टबॉल खेळतो. त्याचा उपयोग होतो का?

महाराष्ट्रातल्या मुलांसाठी तर हाच सगळ्यात चांगला पाया आहे. ग्लोव्ह वापरायची सवय, बेसवर घसरत जाणं, जमिनीलगतचा चेंडू अंगाने अडवणं, कट-ऑफ फेक, हे सगळं तुमच्याकडे तयार असतं. मी स्वतः तसाच आलो. पण बेसमधलं अंतर ६० फुटांवरून ९० फुटांवर जातं, चेंडू लहान होतो आणि खालून येण्याऐवजी वरून खाली येतो. पहिले दोन महिने सगळेच चेंडू बॅटच्या वरच्या कडेला लागतात. घाबरू नका, डोळा बसतो.

१०. रिंकू सिंह आणि दिनेश पटेल यांना सहा महिन्यांत करार मिळाला म्हणतात. मग आम्हाला का नाही?

त्या दोघांची गोष्ट मला फार प्रिय आहे, म्हणूनच ती अर्धवट सांगितलेली चालत नाही. (क्रिकेटवाला रिंकू सिंह वेगळा.) दोघं उत्तर प्रदेशातले, लहान गावांतले, भालाफेकपटू. ‘मिलियन डॉलर आर्म’ नावाच्या स्पर्धेत देशभरातल्या हजारो मुलांनी चेंडू फेकले. २००८ मध्ये रिंकूने ताशी ८७ मैल, म्हणजे १४० किलोमीटर वेगाने चेंडू टाकून ती जिंकली आणि एक लाख डॉलर मिळवले. दिनेश दुसरा. त्यांनी त्याआधी बेसबॉल हातात धरलेला नव्हता.

मग अमेरिकेत पिचिंग प्रशिक्षक टॉम हाउस यांच्या हाताखाली, दक्षिण कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या मैदानावर, रोजचा सराव. नोव्हेंबर २००८ मध्ये ॲरिझोनातल्या टेंपी इथे स्काउटांपुढे ट्रायआउट झाला आणि २४ नोव्हेंबरला पिट्सबर्ग पायरेट्सने दोघांना करारबद्ध केलं. लोकांची गोष्ट इथे संपते. पुढचं असं: २००९ च्या जुलैमध्ये दोघं पायरेट्सच्या सगळ्यात खालच्या संघातून खेळू लागले. अमेरिकेतल्या व्यावसायिक सामन्यात विजय नावावर लागलेला रिंकू हा पहिला भारतीय नागरिक. दिनेशला २०१० च्या डिसेंबरमध्ये क्लबने सोडलं, तो भारतात परतला. रिंकू वर चढत लो-ए (आताचं सिंगल-ए) पर्यंत गेला, मग कोपर गेलं. २०१३ मध्ये शस्त्रक्रिया. एमएलबीच्या मैदानावर तो उतरू शकला नाही. २०१८ मध्ये त्याने कुस्तीच्या मनोरंजन कंपनीशी, डब्ल्यूडब्ल्यूईशी, करार केला.

यातून मी दोन गोष्टी घेतो. भालाफेकीने तयार झालेला हात ही खरी संपत्ती आहे, आणि आपल्याकडे भाला फेकणारी पोरं कमी नाहीत. दुसरी, त्यांच्या सहा महिन्यांमागे पैसा होता, रोजचा नामांकित प्रशिक्षक होता, राहायची सोय होती. ती सोय ज्याला नाही, त्याने स्वतःला त्या सहा महिन्यांच्या मापाने मोजून खचू नये.

११. माझं वय २६. उशीर झाला का?

मोठ्या क्लबांच्या दृष्टीने, हो. तिथे १९ आणि २६ मधली सात वर्षं फार मोठी असतात. तरी जिम मॉरिस यांचं नाव घेतल्याशिवाय राहवत नाही. टेक्ससमधल्या बिग लेक गावच्या हायस्कूलमध्ये शिक्षक आणि प्रशिक्षक, वय ३५, खांद्यावर आणि कोपरावर शस्त्रक्रिया झालेल्या. तुम्ही स्पर्धा जिंकलीत तर मी ट्रायआउट देईन, असा शब्द त्यांनी आपल्या विद्यार्थ्यांना दिला. पोरं जिंकली. जून १९९९ मध्ये त्यांनी टँपा बे डेव्हिल रेजच्या ट्रायआउटला ताशी ९८ मैलांनी चेंडू टाकले. तरुणपणी ते एवढ्या वेगाने टाकत नव्हते. त्याच वर्षी १८ सप्टेंबरला ते एमएलबीत उतरले आणि पहिल्याच बॅटरला बाद केलं. एकूण २१ सामने खेळले.

रडार गनवर आकडा असेल तर वय विसरलं जातं. आकडा नसेल तर २६ व्या वर्षी स्वतंत्र लीग हाच रस्ता.

१२. स्वतंत्र लीग म्हणजे काय? तिथे गेलं तर करिअर संपतं असं ऐकलं.

हे साफ चुकीचं आहे. एमएलबी क्लबांशी बांधील नसलेले हे व्यावसायिक संघ. अटलांटिक लीग, अमेरिकन असोसिएशन, फ्रंटियर लीग आणि पायोनियर लीग या चार लीग एमएलबीच्या भागीदार आहेत. पगार कमी, बसचे प्रवास लांब, आठ दिवसांत संघाबाहेरही काढतात. पण खुले ट्रायआउट इथेच होतात आणि मोठ्या क्लबांचे स्काउट इथे येऊन बसतात.

कुमार रॉकर, आईकडून भारतीय वंशाचा पिचर. २०२१ मध्ये मेट्सने त्याचं नाव दहाव्या क्रमांकावर घेतलं, पण वैद्यकीय तपासणीनंतर करारच केला नाही. तो फ्रंटियर लीगमध्ये ट्राय-सिटी व्हॅलीकॅट्सकडून मोजके सामने खेळला आणि २०२२ च्या ड्राफ्टमध्ये टेक्सस रेंजर्सने त्याला तिसऱ्या क्रमांकावर उचललं. सप्टेंबर २०२४ मध्ये तो एमएलबीत उतरला.

१३. ‘हमखास ट्रायआउट’ म्हणून तीन हजार डॉलर मागत आहेत. द्यावेत का?

नाही. स्वतंत्र लीगच्या ट्रायआउटला नोंदणीची फी असते, ती देणं ठीक आहे. पण ‘आमच्याकडे या, करार मिळवून देतो’ असं कोणी म्हणालं की तिथून उठा. करार देणारा क्लब खेळाडूला पैसे देतो, त्याच्याकडून घेत नाही. आम्ही एकदा पोळलो आहोत. एका शिबिरात ‘बारा क्लबांचे स्काउट येणार’ सांगितलं होतं, बहिणीने साठवलेले पैसे भरले, आणि मैदानावर रडार गन घेतलेला एकच माणूस होता, तोही शिबिरवाल्यांचाच. पैसे गेले त्यापेक्षा पोराचा उन्हाळा गेला याचं मला आजही वाईट वाटतं. पैसे भरण्याआधी कोणत्या क्लबचं कोण येणार ते लेखी मागा आणि त्या क्लबच्या कार्यालयात फोन करून खात्री करा.

१४. करार मिळाला तर पगार किती?

मायनर लीगच्या खेळाडूंचा पहिला सामूहिक करार २०२३ मध्ये झाला. त्यात वर्षाचा किमान पगार सरावकेंद्राच्या लीगमध्ये १९,८०० डॉलर, सिंगल-ए २६,२००, हाय-ए २७,३००, डबल-ए ३०,२५० आणि ट्रिपल-ए ३५,८०० डॉलर ठरला. बहुतेकांची राहण्याची सोय क्लब करतो. तुलनेसाठी, एमएलबीतला २०२५ चा किमान पगार ७,६०,००० डॉलर. मधली दरी एवढी मोठी आहे, म्हणून सहीच्या वेळी मिळणारा बोनस आणि शिक्षणाचा खर्च यांवर बोलणी होतात. हायस्कूलमधून सही करणाऱ्या मुलाने पुढच्या कॉलेजच्या खर्चाची तरतूद करारात लिहून घेतलीच पाहिजे.

१५. भारतातून ट्रायआउटला यायचं तर व्हिसा कोणता?

करार झालेल्या खेळाडूसाठी पी-१ व्हिसा असतो आणि त्याचा अर्ज क्लब करतो, तुम्ही नाही. पर्यटक व्हिसावर पगार घेऊन खेळता येत नाही. नुसत्या ट्रायआउटसाठी यायचं असेल तर क्लबकडून किंवा लीगकडून तारीख, ठिकाण आणि पगार नसल्याचं नमूद केलेलं पत्र घ्या, आणि मुलाखतीत येण्याचं खरं कारण सांगा. ‘मावशीला भेटायला चाललोय’ म्हणून ग्लोव्ह घेऊन येऊ नका.

१६. कोपर दुखतंय, पण ट्रायआउट दोन आठवड्यांवर आहे. गोळी घेऊन टाकू का?

नको, बाळा. कोपराच्या आतल्या बाजूचा अस्थिबंध फाटला तर टॉमी जॉन शस्त्रक्रिया करावी लागते. डॉ. फ्रँक जोब यांनी ती १९७४ मध्ये पहिल्यांदा केली. तिच्यातून सावरायला वर्ष ते दीड वर्ष जातं. एका ट्रायआउटसाठी एवढी किंमत नाही.

१७-१८ वर्षांच्या मुलाने दिवसाला १०५ पेक्षा जास्त चेंडू टाकू नयेत आणि ८१ किंवा त्याहून जास्त टाकले तर चार दिवस विश्रांती, अशी एमएलबी आणि अमेरिकेतल्या बेसबॉल संघटनेची मार्गदर्शक सूचना आहे. वर्षातून चार महिने पिचिंग पूर्ण बंद, त्यातले दोन-तीन सलग. ट्रायआउटला दुखणं लपवलं तरी वेग पडतो आणि तोच आकडा तुमच्या नावापुढे लिहिला जातो. पुढच्या वेळी बरे होऊन जा.

१७. मुलींना व्यावसायिक बेसबॉलमध्ये संधी आहे का?

आहे, आणि आताच उघडते आहे. केल्सी व्हिटमोर २०२२ मध्ये अटलांटिक लीगमध्ये स्टॅटन आयलंडच्या पुरुष संघातून खेळली. ऑगस्ट २०२५ मध्ये विमेन्स प्रो बेसबॉल लीगने वॉशिंग्टनमध्ये ट्रायआउट घेतले, सहाशेच्या वर मुली आल्या. आपल्याकडच्या सॉफ्टबॉलपटू मुलींनी प्रश्न ९ वाचून तयारीला लागावं.

१८. आमचं नाव, रंग बघून डावलतात का? खरं सांगा.

या खेळाचा इतिहास विसरून उत्तर देता येणार नाही. १६ एप्रिल १९४५ ला बॉस्टन रेड सॉक्सच्या फेनवे पार्क मैदानावर तीन कृष्णवर्णीय खेळाडूंचा ट्रायआउट झाला: जॅकी रॉबिन्सन, सॅम जेथ्रो, मार्विन विल्यम्स. तो नुसता देखावा होता. रेड सॉक्सकडून तिघांनाही पुढे काहीच कळवलं गेलं नाही. दोन वर्षांनी रॉबिन्सन ब्रुकलिन डॉजर्सकडून उतरले आणि रंगाची भिंत पडली. जेथ्रो १९५० मध्ये बॉस्टनच्याच दुसऱ्या संघाकडून, ब्रेव्ह्जकडून, सर्वोत्तम नवोदित ठरले. विल्यम्स यांना एमएलबी कधीच मिळाली नाही. आणि रेड सॉक्सने पहिला कृष्णवर्णीय खेळाडू घेतला तो १९५९ मध्ये, सगळ्या क्लबांच्या शेवटी.

आज स्टॉपवॉच आणि रडार गनमुळे तसं करणं कठीण झालं आहे. २०२३ मध्ये टोरांटो ब्लू जेजने फ्लोरिडातल्या १७ वर्षांच्या अर्जुन निम्मला या शॉर्टस्टॉपचं नाव पहिल्याच फेरीत, २० व्या क्रमांकावर घेतलं. आईवडील भारतातून आलेले. त्या दिवशी आमच्या घरी पेढे वाटले होते. तरी ‘भारतीय पोरं क्रिकेटची’ हे वाक्य मैदानावर ऐकू येतं. तुम्हालाही येईल. रांग सोडू नका.

१९. महाराष्ट्रात राहून सुरुवात कुठून करायची?

बेसबॉल आणि सॉफ्टबॉल दोन्ही शालेय स्पर्धांत आहेत. शाळेच्या क्रीडाशिक्षकांना आणि जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयात विचारा. तिथून जिल्हा, विभाग, राज्य असा क्रम. राष्ट्रीय स्पर्धा अमॅच्युअर बेसबॉल फेडरेशन ऑफ इंडियाच्या आहेत. एमएलबीने २०१९ मध्ये दिल्लीत कार्यालय उघडलं, त्यांच्या मुलांच्या स्पर्धांवर लक्ष ठेवा. आणि दुबईच्या बेसबॉल युनायटेड लीगमध्ये ‘मुंबई कोब्राज’ नावाचा संघ आहे. त्या लीगचा पहिला मोसम २०२५ च्या नोव्हेंबरमध्ये सुरू झाला. आपल्या पोरांना अमेरिकेपेक्षा जवळचा व्यावसायिक संघ आता आहे.

२०. नंबर वाचला नाही. मुलगा घरी येऊन बोलतच नाही. काय करू?

त्या दिवशी गाडीत मागे बसलेला भाचा तासभर गप्प होता. मी दोनदा तोंड उघडलं आणि दोन्ही वेळा ताईने मला डोळ्यांनी दटावलं. तिने डबा उघडला, पोळीचा रोल करून मागे दिला. त्याने खाल्ला. पुलाच्या टोलनाक्यापाशी आल्यावर तो आपणहून म्हणाला, “मामा, माझा पॉप टाइम २.१२ आला. पाय उशिरा फिरतोय.”

त्याला त्याचा आकडा मिळाला होता. म्हणून मुलाला जाताना सांगून ठेवा, की निघण्याआधी नम्रपणे जाऊन आपले आकडे विचारायचे. बहुतेक स्काउट सांगतात. घरी आल्यावर दोन दिवस ग्लोव्हचा विषय काढू नका. त्यानंतर तो स्वतः वही काढेल. नाही काढली तर तेही त्याचं उत्तर आहे, ऐकून घ्या.

भाचा पुढच्या वर्षी पुन्हा गेला, १.९९ घेऊन. नंबर वाचला गेला, करार झाला नाही. आता तो एका ज्युनियर कॉलेजात कॅचर आहे आणि दर वर्षी ड्राफ्टला पात्र आहे (प्रश्न ३).